मोडक, शाहू

मोडक, शाहू : (२५ एप्रिल १९१८ – ११ मे १९९३). मराठी व हिंदी चित्रपटांतील ख्यातनाम नट. जन्म अहमदनगर (२०२४ पासून अहिल्यानगर) येथे एका मराठीभाषक ख्रिस्ती कुटुंबात. ‘श्यामसुंदर’ (१९३२) या बोलपटात वयाच्या चौदाव्या वर्षी केलेल्या कृष्णाच्या भूमिकेने त्यांची कारकीर्द सुरू झाली. पुढे ‘माणूस’ (१९३९) व ‘संत ज्ञानेश्वर’ (१९४०) या प्रभात फिल्म कंपनीच्या चित्रपटांनी त्यांना अखिल भारतीय कीर्ती मिळवून दिली. त्यांनी एकोणतीस वेळा कृष्णाची भूमिका केली, असे सांगितले जाते. पौराणिक चित्रपटांचा प्रेक्षक त्यांना नट म्हणून नव्हे, तर देवाचे रूप म्हणूनच ओळखू लागला.

मोडकांच्या कारकीर्दीचे मूल्यमापन करताना या लोकप्रियतेमुळेच अडचण येते. भाविकतेने पाहिलेल्या भूमिकेत नटाचे श्रेय किती आणि प्रेक्षकाच्या मनात आधीच वसलेल्या मूर्तीचे किती, हे वेगळे काढणे अवघड असते. देवाची भूमिका करणाऱ्या नटाला नमस्कार मिळतो, परंतु त्याच्या कलेची चिकित्सा सहसा होत नाही. मोडकांच्या वाट्याला हे दोन्ही आले. त्यांची खरी योग्यता पाहावयाची असेल, तर ज्या थोड्या चित्रपटांत त्यांना देवत्वाचा आधार नव्हता, अथवा तो आधार त्यांना स्वतः निर्माण करावा लागला, त्यांपासून आरंभ करणे इष्ट ठरते.

पार्श्वभूमी : ख्रिस्ती नटाने कृष्ण व ज्ञानेश्वर या भूमिका कराव्यात आणि महाराष्ट्राने त्या मनापासून स्वीकाराव्यात, ही गोष्ट वरवर पाहता नवलाची वाटते. अहमदनगरचा सांस्कृतिक इतिहास लक्षात घेतला, म्हणजे तिचे नवल पुष्कळसे कमी होते. अमेरिकन मराठी मिशनने या नगरात १८३१ मध्ये आपले कार्य सुरू केले. ‘ज्ञानोदय’ हे नियतकालिक येथूनच १८४२ मध्ये निघाले. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात येथील ख्रिस्ती मंडळींनी कीर्तन हा मराठी भक्तिपरंपरेतील प्रकार आपल्या उपासनेत स्वीकारला. टाळ, वीणा, पूर्वरंग व उत्तररंग यांसह ख्रिस्तचरित्राची आख्याने सादर होऊ लागली. कृष्णराव रत्नाजी सांगळे यांचे नाव या संदर्भात आवर्जून घेतले जाते. पुढे नारायण वामन टिळक यांनी १८९५ मध्ये ख्रिस्ती धर्माचा स्वीकार केल्यानंतर अहमदनगर हे आपल्या कार्याचे प्रमुख क्षेत्र मानले आणि अभंग, ओवी, भजन या रूपांत ख्रिस्ती भक्तिकाव्य लिहिले. तुकोबांच्या वाटेने आपण ख्रिस्तापर्यंत पोहोचलो, अशी त्यांची धारणा होती.

टिळकांचे निधन १९१९ मध्ये झाले. त्याच्या आदल्या वर्षी शाहू मोडकांचा जन्म झाला. ज्या समाजात ते वाढले, त्या समाजाला संतवाणीची भाषा, तिची लय आणि तिचा नम्र सूर परका नव्हता. धर्म निराळा असला, तरी भक्तीची बोली एकच होती. त्याच जिल्ह्यात प्रवरेच्या काठी नेवासे आहे. ज्ञानेश्वरांनी शके १२१२ मध्ये (इ. स. १२९०) तेथे ‘भावार्थदीपिका’ सांगितली, असे परंपरा मानते. ज्या खांबाला टेकून ती सांगितली गेली, तो पैसाचा खांब तेथे आजही पूजिला जातो. मोडकांच्या ज्ञानेश्वरामागे असा भूप्रदेश आणि असा वारसा उभा आहे. मराठी भक्तिपरंपरा ही एका पंथाची मिरास नसून ती या भाषेची सामायिक संपत्ती आहे, याचा मोडकांची कारकीर्द हा एक प्रत्यक्ष दाखला होय.

पौराणिक चित्रपट व ‘श्यामसुंदर’ : भारतीय चित्रपटाचा आरंभच पुराणकथेने झाला. दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ मध्ये, तर ‘श्रीकृष्णजन्म’ १९१८ मध्ये प्रदर्शित झाला. ‘कालियामर्दन’ (१९१९) या त्यांच्या मूकपटात कृष्णाची भूमिका त्यांची कन्या मंदाकिनी हिने केली होती. म्हणजे पडद्यावरचा आरंभीचा गाजलेला बालकृष्ण ही एक लहान मुलगी होती. देवाचे रूप धारण करणाऱ्याची जात, धर्म वा लिंग यांपेक्षा ते रूप कितपत उतरले आहे, याकडेच प्रेक्षक पाहतो, हे तेव्हाच दिसून आले होते. या रूपाचा साचाही तोवर ठरून गेला होता. राजा रविवर्मा यांच्या शिळामुद्रित चित्रांनी देवादिकांचे चेहरे, अलंकार व उभे राहण्याची ढब घराघरांत पोहोचविली होती. चित्रपटातील देव या चित्रांशी जुळणारा हवा, ही प्रेक्षकाची पहिली अपेक्षा असे.

बोलपट आल्यावर दुसरी अपेक्षा निर्माण झाली, ती म्हणजे देवाला गाता आले पाहिजे. पार्श्वगायनाची पद्धत रूढ होण्यापूर्वी नटाला आपली गाणी स्वतःच म्हणावी लागत. देखणा चेहरा आणि गाता गळा ही जोडी एकाच किशोरात सापडणे ही त्या काळी निर्मात्यांची मोठी गरज होती. दादासाहेब तोरणे यांच्या पुणे येथील सरस्वती सिनेटोनने ‘श्यामसुंदर’ची निर्मिती केली, भालजी पेंढारकर यांनी त्याचे दिग्दर्शन केले आणि कृष्ण म्हणून शाहू मोडक यांची निवड झाली. राधेच्या भूमिकेत शांता आपटे होत्या. त्यांचाही हा पहिलाच चित्रपट होता. मुंबईत एकाच चित्रपटगृहात सलग पंचवीस आठवड्यांहून अधिक काळ चाललेला, म्हणजेच रौप्यमहोत्सव साजरा करणारा पहिला भारतीय चित्रपट म्हणून ‘श्यामसुंदर’चा उल्लेख केला जातो. पहिला मराठी बोलपट ‘अयोध्येचा राजा’ याच वर्षी प्रदर्शित झाला होता, हे लक्षात घेता या यशाचे महत्त्व कळून येते. बोलपटाच्या पहिल्याच वर्षात मराठी प्रेक्षकाला त्याचा कृष्ण सापडला.

या पहिल्या चित्रपटातून पुढे आलेल्या दोन कलावंतांच्या वाटा मात्र भिन्न झाल्या. शांता आपटे पुढे प्रभातमध्ये आल्या आणि ‘कुंकू’ (१९३७) या चित्रपटात जरठ विवाहाविरुद्ध उभ्या राहणाऱ्या नीराची भूमिका करून त्यांनी राधेची स्मृती मागे टाकली. मोडकांच्या कृष्णाची स्मृती प्रेक्षकांनी पुसू दिली नाही. नायिकेला बंडखोर होता आले, पण देव झालेल्या नायकाला पुन्हा माणूस होणे सोपे नव्हते.

सरस्वती सिनेटोनच्याच ‘औट घटकेचा राजा’ (१९३३, हिंदी ‘आवारा शहजादा’) या चित्रपटात मोडकांनी राजपुत्र व त्याच्यासारखाच दिसणारा गरीब मुलगा अशा दोन भूमिका केल्या. मार्क ट्वेनच्या ‘द प्रिन्स अँड द पॉपर’ या कादंबरीवर तो आधारलेला असून त्याचे दिग्दर्शन मास्टर विठ्ठल यांनी केले होते. भारतीय बोलपटातील दुहेरी भूमिकेचे हे आद्य उदाहरण मानले जाते. एकच चेहरा राजवस्त्रांत आणि चिंध्यांत कसा दिसतो, हा त्या कथेचा विषय होता. मोडकांच्या पुढील कारकीर्दीतही हाच प्रश्न निराळ्या रूपाने उभा राहिला.

‘माणूस’ : व्ही. शांताराम दिग्दर्शित ‘माणूस’ (हिंदी ‘आदमी’) हा मोडकांच्या कारकीर्दीतील सर्वश्रेष्ठ चित्रपट होय. प्रमथेशचंद्र बरुआ यांच्या ‘देवदास’ने (१९३५) प्रेमभंगातून आत्मनाशाकडे जाणारा नायक लोकप्रिय केला होता. त्या वृत्तीला उत्तर म्हणून शांताराम यांनी ‘माणूस’ची योजना केली. गणपत हा साधा पोलीस शिपाई आहे. वेश्यावस्तीवरील धाडीत मैना ही त्याच्या दृष्टीस पडते आणि तो तिला वाचवितो. ओळखीचे रूपांतर प्रेमात होते. तिला त्या वस्तीतून बाहेर काढून संसारात आणावे, असे त्याला वाटते व तो तिला आपल्या देवभोळ्या आईसमोर घेऊन जातो. परंतु घर, देव आणि आईची माया यांच्यासमोर मैनेला आपले गतायुष्य अधिकच जड होते व ती तेथून निघून जाते. पुढे तिच्या हातून तिला छळणाऱ्या मामाचा खून होतो. गणपत तिला सोडवू पाहतो, पण ती नकार देते. प्रिय व्यक्ती गमावलेला गणपत स्वतःला संपवीत नाही, तर जगण्याकडे वळतो. आयुष्य जगण्यासाठी आहे, हे या चित्रपटाचे सूत्र आहे.

चित्रपटात मैनेची भूमिका शांता हुबळीकर यांनी केली आहे. सामान्यतः ‘माणूस’चे सारे श्रेय हुबळीकर व शांताराम यांना दिले जाते. ते बव्हंशी रास्तही आहे. मैनेला उपरोध, थट्टा, कडवटपणा, ओढ व अपराधीपणा असे अनेक रंग आहेत आणि हुबळीकरांनी ते सर्व समर्थपणे साकारले आहेत. तिच्यापुढे गणपतची व्यक्तिरेखा एकसुरी भासण्याचा धोका होता. तो सज्जन आहे, थोडा भोळा आहे, आणि कथेत त्याला जे करावयाचे आहे, ते म्हणजे मुख्यतः दुसऱ्याच्या दुःखाकडे पाहणे. हे पाहणे मोडकांनी ज्या रीतीने केले, त्यात त्यांच्या अभिनयाचे मर्म आहे.

मोडकांचा चेहरा स्वभावतः प्रसन्न होता. पौराणिक चित्रपटांत ही प्रसन्नता सर्वज्ञतेची खूण ठरते. देवाला पुढचे सारे ठाऊक असते, म्हणून तो हसतो. ‘माणूस’मध्ये त्याच चेहऱ्याचा अर्थ उलटा होतो. गणपतला काहीच ठाऊक नाही, म्हणून तो प्रसन्न आहे. मैनेच्या सहवासात ही अजाण प्रसन्नता पायरीपायरीने मावळत जाते. ती मावळत असताना मोडक आवाज चढवीत नाहीत आणि हातवारेही वाढवीत नाहीत. संगीत नाटकाच्या ठसठशीत अभिनयाचा पगडा असलेल्या त्या काळात हा संयम विशेष उठून दिसतो. गणवेशातील शिपाई आणि गणवेश उतरविलेला तरुण यांतील फरक ते केवळ खांद्यांच्या ठेवणीतून व चालण्याच्या गतीतून दाखवितात. आईसमोरचा गणपत, मैनेसमोरचा गणपत आणि वरिष्ठांसमोरचा गणपत ही तीन माणसे नसून एकच माणूस आहे, परंतु प्रत्येक ठिकाणी तो थोडा निराळा असतो. सामान्य माणसाच्या चित्रणातील ही अवघड गोष्ट त्यांना साधली आहे.

या भूमिकेची मर्यादाही नमूद केली पाहिजे. गणपतच्या विफलतेचे टोक दाखविताना मोडकांचा अभिनय काहीसा हळवा होतो आणि तेथे दिग्दर्शकाच्या प्रतिमा व ध्वनी यांनी त्यांना सावरून घेतले आहे. राग ही भावना त्यांच्या चेहऱ्याला फारशी मानवत नसे. ज्या प्रसंगी गणपतने समाजावर चिडावयास हवे, त्या प्रसंगी तो खिन्न होतो. असे असले, तरी ही खिन्नता कथेच्या आशयाशी विसंगत वाटत नाही. ‘देवदास’चा नायक आपल्या दुःखाला कुरवाळतो, गणपत त्या दुःखाने ओशाळतो. हा ओशाळेपणा मोडकांच्या सौम्य प्रकृतीतून आला आहे आणि त्यामुळेच शेवटी त्याचे जगण्याकडे वळणे पटते.

‘संत ज्ञानेश्वर’ : विष्णुपंत दामले व एस. फत्तेलाल यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘संत तुकाराम’ने (१९३६) संतपटाचा मानदंड निर्माण केला होता. त्यात विष्णुपंत पागनीस यांनी तुकारामाची भूमिका केली होती. चार वर्षांनी त्याच दिग्दर्शकांनी ‘संत ज्ञानेश्वर’ काढला व त्यात ज्ञानेश्वराच्या भूमिकेसाठी मोडकांना घेतले. या दोन चित्रपटांची तुलना अपरिहार्य आहे आणि ती मोडकांच्या दृष्टीने उद्‌बोधकही आहे.

तुकाराम हा संसारी संत आहे. त्याला दुकान आहे, मुलेबाळे आहेत, आणि मुख्य म्हणजे जिजाई आहे. तिच्या रोखठोक बोलण्यामुळे तुकारामाच्या भक्तीला जमीन मिळते. प्रेक्षक हसतो, रागावतो, मग नमतो. ज्ञानेश्वराच्या चरित्रात असा विरोधी सूर नाही. आईवडिलांनी घेतलेले देहान्त प्रायश्चित्त, समाजाने टाकलेली वाळीत आणि चार भावंडांची अनाथ अवस्था हे दुःख मोठे आहे, पण ते त्याच्या बालपणी घडून गेलेले आहे. तरुण ज्ञानेश्वर पडद्यावर येतो, तेव्हा त्याने ते दुःख पचविलेले असते. ज्याच्या मनात संघर्ष उरलेला नाही, अशा माणसाचे नाट्य कसे दाखवावे, हा पटकथेपुढील आणि नटापुढील प्रश्न होता. चित्रपटाने त्याचे उत्तर पुष्कळ अंशी चमत्कारांत शोधले. रेड्यामुखी वेद आणि चांगदेवाच्या भेटीला निघालेली भिंत हे प्रसंग तांत्रिक करामतीच्या दृष्टीने त्या काळी थक्क करणारे होते. परंतु चमत्कार जसजसे वाढतात, तसतसे नटाला करण्यासारखे कमी उरते, ही या चित्रपटाची उणीव होय.

अशा परिस्थितीत मोडकांनी केलेली कामगिरी बारकाईने पाहण्याजोगी आहे. चमत्काराच्या प्रसंगी ते स्वतः चमत्कारिक होत नाहीत. रेडा वेद म्हणतो, तेव्हा जमलेल्या मंडळींचे डोळे विस्फारतात, ज्ञानेश्वराचे मात्र नाही. त्याच्या दृष्टीने प्राणिमात्रातील चैतन्य ही रोजचीच गोष्ट आहे. या शांतपणात अहंकार दिसला असता, तर भूमिका कोसळली असती. मोडकांच्या ज्ञानेश्वरात शांतता आहे, पण तिच्यात उपदेशकाचा तोरा नाही. निवृत्तिनाथांसमोर शिष्य, मुक्ताबाईसमोर मोठा भाऊ आणि पैठणच्या पंडितांसमोर नम्र प्रतिवादी, ही नाती त्यांनी आवाजाच्या पट्टीने राखली आहेत. मराठी कीर्तनकाराच्या बोलण्यात जो आर्जवी सूर असतो, तो त्यांच्या उच्चारांत आहे. ग्रंथाच्या शेवटी पसायदान मागणारा, म्हणजे स्वतःसाठी काहीच न मागणारा हा तरुण आहे, यावर त्यांच्याकडे पाहून विश्वास बसतो.

पागनीसांचा तुकाराम हा भक्तीत विरघळलेला नट आहे, तर मोडकांचा ज्ञानेश्वर हा भक्तीचा तोल सांभाळणारा नट आहे. पागनीसांची सर त्यांना आली नाही, कारण कथेने त्यांना जिजाई दिली नव्हती. तरीही एका ख्रिस्ती तरुणाने वारकरी संप्रदायाच्या ‘माउली’चे दिलेले रूप पुढील कित्येक वर्षे महाराष्ट्राच्या मनात कायम राहिले, ही घटना चित्रपटाच्या इतिहासाइतकीच सामाजिक इतिहासाच्याही दृष्टीने महत्त्वाची आहे. या निवडीत धर्माचा प्रश्न आड आला नाही. निर्मात्यांनी चेहरा, वाणी व वृत्ती पाहिली, आणि प्रेक्षकांनीही तेच पाहिले.

चाळिशीच्या दशकातील भूमिका : विजय भट्ट यांच्या ‘भरत मिलाप’ (१९४२, मराठी ‘भरत भेट’) या चित्रपटात मोडकांनी भरताची भूमिका केली. प्रेम अदीब हे राम, शोभना समर्थ या सीता आणि दुर्गा खोटे या कैकेयी होत्या. पौराणिक कथेच्या चौकटीत मोडकांना मिळालेली ही सर्वांत नाट्यपूर्ण भूमिका म्हणावी लागेल. भरत हा देव नाही. आईच्या अपराधाने मिळालेले राज्य त्याला नको आहे आणि भावाची आज्ञा मोडणेही शक्य नाही. या कोंडीत सापडलेल्या माणसाची लज्जा व्यक्त करण्यास मोडकांची प्रकृती अनुकूल होती. ‘माणूस’मधील गणपतचा ओशाळेपणा येथे राजवस्त्रांत अवतरला आहे. पादुका मस्तकी घेणारा भरत लोकप्रिय झाला, याचे कारण त्यात देवत्वापेक्षा मानवी शरम अधिक होती.

त्याच वर्षीच्या ‘पहिली मंगळागौर’ या सामाजिक चित्रपटात ते स्नेहप्रभा प्रधान यांच्यासमवेत नायक होते. याच चित्रपटात लता मंगेशकर यांनी लहानशी भूमिका केली होती. घरगुती विषयावरील हलक्याफुलक्या कथेतही मोडक सहजपणे वावरू शकत, हे त्यावरून दिसते. परंतु ही दिशा पुढे वाढली नाही. भालजी पेंढारकर यांच्या ‘महारथी कर्ण’मध्ये (१९४४) पृथ्वीराज कपूर कर्ण झाले, दुर्गा खोटे कुंती झाल्या आणि मोडक पुन्हा कृष्ण झाले. ‘मायाबाजार’ (१९४९) सारख्या चित्रपटांतून हा क्रम चालूच राहिला. स्वातंत्र्योत्तर काळात हिंदी पौराणिक चित्रपटांची निर्मिती वाढली, पण त्यांचा दर्जा घसरला. ठरलेले देखावे, ठरलेली गाणी आणि ठरलेले आशीर्वाद यांत नटाची गरज केवळ रूपापुरती उरली. पार्श्वगायन रूढ झाल्यामुळे मोडकांच्या गळ्याचेही वेगळे प्रयोजन राहिले नाही. उत्तरायुष्यात त्यांनी ज्योतिषशास्त्राचा व्यासंग केला व त्या क्षेत्रातही नाव मिळविले.

कृष्णाची प्रतिमा : मोडकांच्या कृष्णाविषयी लिहिताना एक मूलभूत भेद करणे आवश्यक आहे. महाभारतातील कृष्ण हा केवळ आशीर्वाद देणारा देव नाही. तो मुत्सद्दी आहे, मित्र आहे, थट्टेखोर आहे आणि प्रसंगी कठोरही आहे. कर्णाला त्याचे जन्मरहस्य सांगून पांडवांच्या बाजूस वळविण्याचा प्रयत्न करणारा कृष्ण हा नैतिक दृष्ट्या मोठा गुंतागुंतीचा आहे. मराठी रंगभूमीने या कृष्णाचे मानवी रूप फार पूर्वी ओळखले होते. अण्णासाहेब किर्लोस्करांच्या ‘संगीत सौभद्र’मधील (१८८२) कृष्ण हा घरच्या लग्नाच्या भानगडी हसत हसत जुळविणारा, बायकोशी लटके भांडणारा गृहस्थ आहे. प्रेक्षक त्याला देव मानतात आणि तरीही त्याला हसतात.

चित्रपटाने हा वारसा घेतला असता, तर मोडकांना कृष्णात अनेक छटा भरता आल्या असत्या. त्यांच्या डोळ्यांत मिस्किलपणाची चमक होती. तिचा उपयोग झाला तो बासरीवाल्या बालकृष्णापुरता. पुढच्या कृष्णांच्या वाट्याला पटकथांनी दिव्यत्व दिले, संवाद दिले, पण प्रश्न दिले नाहीत. तेलुगू चित्रपटात एन. टी. रामाराव यांचा ‘मायाबजार’मधील (१९५७) कृष्ण जेव्हा खट्याळ, संसारी आणि चतुर होऊन आला, तेव्हा पौराणिक चित्रपटही व्यक्तिदर्शन घडवू शकतो, हे सिद्ध झाले. हिंदीतील बहुसंख्य पौराणिक चित्रपटांना ते साधले नाही. मोडकांचा कृष्ण आकर्षक असूनही पुनरावृत्त झाला, याचा मोठा दोष पटकथेकडे व निर्मितीच्या बाजारी वृत्तीकडे जातो. मात्र एकदा लाभलेल्या प्रतिमेत नटानेही समाधान मानले, हे सर्वस्वी नाकारता येत नाही.

देवाची भूमिका करणाऱ्या नटाची ही कोंडी एकट्या मोडकांची नव्हे. प्रेम अदीब यांची रामाची प्रतिमा अशीच त्यांना चिकटून राहिली. ‘रामायण’ (१९८७) व ‘महाभारत’ (१९८८) या दूरदर्शन मालिकांतील नटांनाही प्रेक्षकांनी दिलेला देवपणा पुढील भूमिकांत अडसर ठरल्याचे दिसून आले. मोडक हे या परंपरेतील पहिल्या मोठ्या नटांपैकी एक असल्याने त्यांच्या कारकीर्दीकडे या समस्येचे आरंभीचे आणि स्पष्ट उदाहरण म्हणून पाहता येते.

अभिनयशैली : मोडकांच्या अभिनयाचे तीन विशेष सांगता येतील. पहिला, स्थिरता. पडद्यावर काही न करता उभे राहण्याचे धैर्य त्यांच्यापाशी होते. हालचाल थोडी असल्यामुळे त्यांच्या नजरेला महत्त्व येई. दुसरा, वाणी. त्यांचे मराठी उच्चार स्वच्छ व अनलंकृत होते. शब्दांवर अकारण जोर देण्याची नाटकी सवय त्यांना नव्हती. तिसरा, समोरच्या नटाला वाव देण्याची वृत्ती. शांता हुबळीकर व दुर्गा खोटे यांच्यासारख्या समर्थ अभिनेत्रींसमोर ते स्वतःला पुढे रेटीत नाहीत. ऐकणे ही अभिनयातील दुर्मीळ कला त्यांना अवगत होती. या गुणांची दुसरी बाजू म्हणजे त्यांच्या शैलीतील आवेगाचा अभाव. क्रौर्य, मत्सर, वासना वा उपहास यांचे रंग त्यांच्या अभिनयात क्वचितच आढळतात. त्यामुळे खलनायकी वा संमिश्र स्वभावाच्या भूमिका त्यांच्याकडे आल्या नाहीत आणि त्यांच्या कलेचा पल्ला मर्यादित राहिला.

मूल्यमापन : शाहू मोडक यांची कीर्ती कृष्णाच्या भूमिकांवर उभी आहे, परंतु त्यांचे कलावंत म्हणून स्थान ‘माणूस’, ‘संत ज्ञानेश्वर’ व ‘भरत मिलाप’ या चित्रपटांनी निश्चित होते. या तिन्ही भूमिकांत एक समान धागा आहे. गणपत, ज्ञानेश्वर आणि भरत हे तिघेही मिळू शकणारे काही तरी सोडून देणारे पुरुष आहेत. गणपत सूडाचा व आत्मनाशाचा मोह सोडतो, ज्ञानेश्वर छळाचा राग सोडतो, भरत राज्य सोडतो. त्यागाचे प्रदर्शन न करता त्याग दाखविणे, ही मोडकांची खरी देणगी होती. जिथे कथेने त्यांना सोडण्यासारखे काही दिले, तिथे ते थोर नट ठरले. सर्व काही आधीच ज्याचे आहे, अशा देवाच्या भूमिकेत सोडण्यासारखे काहीच नसते. तेथे उरले ते केवळ सुंदर स्मित.

अहमदनगरच्या ख्रिस्ती घरात जन्मलेला मुलगा मराठी माणसाचा कृष्ण होतो, पुढे त्याची माउली होतो, आणि या दोहोंच्या मध्ये एका साध्या पोलीस शिपायाची आजवर न विसरलेली भूमिका करून जातो, हा त्यांच्या कारकीर्दीचा आलेख आहे. प्रेक्षकांनी यांतील दोन रूपांना हात जोडले. तिसऱ्या रूपाला, म्हणजे ‘माणूस’मधील गणपतला, हात जोडण्याची गरज नव्हती. त्याच्यात त्यांना स्वतःची ओळख पटली आणि नटाला मिळणारी खरी दाद तीच होय.